सायरनचं नाही, मुलांचं वेळापत्रक: युद्धाच्या छायेतल्या तरुणांवर माहितीपट कसा करावा

युक्रेनमधलं खारकीव्ह शहर रशियाच्या सीमेपासून साधारण ३०-४० किलोमीटरवर आहे. सीमेपलीकडून सुटलेलं क्षेपणास्त्र शहरात पोचायला कधीकधी एक मिनिटसुद्धा लागत नाही. त्यामुळे अनेकदा स्फोट आधी होतो आणि सायरन नंतर वाजतो. अशा शहरात जमिनीवर शाळा भरवणं धोक्याचं, म्हणून सप्टेंबर २०२३पासून तिथल्या मेट्रो स्थानकांमध्ये वर्ग भरू लागले. सुरुवातीला सुमारे ६० वर्ग होते आणि हजाराहून जास्त मुलं. मे २०२४मध्ये खास शाळेसाठीच बांधलेली पहिली भूमिगत इमारतही सुरू झाली.

बाहेरून आलेला कॅमेरा या शहरात आधी पडक्या इमारतींकडे वळतो. त्या दिसायलाच हव्यात, त्याबद्दल वाद नाही. पण तुम्हाला सोळा-सतरा वर्षांच्या मुलांवर माहितीपट करायचा असेल तर युद्धाचं वेळापत्रक बाजूला ठेवा आणि त्या मुलाचं किंवा मुलीचं वेळापत्रक हातात घ्या. सकाळी किती वाजता उठते, वीज किती वाजता जाते, गणिताचा तास कुठे होतो, रात्री कुठल्या खोलीत झोपते. या वेळापत्रकात युद्ध आपसूक दिसतं, आणि बातमीत दिसतं त्यापेक्षा स्पष्ट दिसतं. पुढच्या सगळ्या पायऱ्या मी याच आधारावर मांडल्या आहेत. उदाहरणं मुख्यतः युक्रेनची आहेत. आपल्याकडचे नियम आणि प्रश्न वेगळे पडतात तिथे तेही सांगितले आहेत.

पहिली पायरी: विषय अरुंद करा

"युद्धातले तरुण" हा माहितीपटाचा विषय होऊ शकत नाही, तो फार तर परिसंवादाचा विषय झाला. ज्या गोष्टीला स्वतःची तारीख आहे अशी एक गोष्ट शोधा. युक्रेनमध्ये शालेय शिक्षण अकरावीला संपतं आणि विद्यापीठात जायला राष्ट्रीय परीक्षा द्यावी लागते. २०२२पासून ही परीक्षा संगणकावर, एकाच दिवसात अनेक विषयांची अशी होते. पेपर चालू असताना सायरन झाला तर मुलं उठून तळघरात जातात, धोका टळला की परत येऊन उरलेला पेपर सोडवतात. आपल्याकडच्या प्रेक्षकाला यात काहीही समजावून सांगावं लागत नाही. परीक्षेच्या वर्षात घर कसं असतं हे मराठी माणसाला पाठ आहे.

दुसरी तारीख वाढदिवसाची. रशियाचं आक्रमण सुरू झाल्यावर १८ ते ६० वयाच्या पुरुषांना देश सोडायला बंदी झाली. त्यामुळे सतरा वर्षांच्या मुलाच्या घरी एकच प्रश्न घोळत राहिला: अठरा पूर्ण होण्याआधी त्याला बाहेर पाठवायचं की ठेवायचं? ऑगस्ट २०२५मध्ये सरकारने २२ वर्षांपर्यंतच्या तरुणांना सीमा ओलांडायची परवानगी दिली आणि कित्येक घरांतली ती चर्चा रातोरात बदलली. सक्तीच्या सैन्यभरतीचं किमान वय एप्रिल २०२४मध्ये २७वरून २५वर आलं, तेव्हा तर वेगळ्याच वयाच्या मुलांचा हिशेब बदलला. चित्रीकरणाच्या वर्षभरात असा एखादा सरकारी निर्णय येतोच. म्हणून तुमच्या पात्रांची वयं आणि कायद्यातली वयं एकाच कागदावर लिहून ठेवा. हा कागद तुम्हाला पटकथेइतका उपयोगी पडेल.

पात्रं दोन किंवा तीन घ्या. एकावर सगळं टांगू नका. कुटुंब स्थलांतर करतं, मुलगी नको म्हणते, गावच हातातून जातं. दिग्दर्शिका आलिसा कोवालेन्को यांनी २०२२च्या आधीपासून पूर्व युक्रेनमधल्या दोनबास भागातल्या पाच किशोरवयीन मुलांचं चित्रीकरण केलं. ही मुलं झोलोते आणि स्तानित्सिया लुहान्स्का या भागातली. पूर्ण आक्रमण सुरू झाल्यावर ही दोन्ही गावं रशियाच्या ताब्यात गेली. पात्रं पाच होती आणि त्यांच्या मनातली स्वप्नंही वेगवेगळी होती, त्यामुळे तो माहितीपट उभा राहिला.

निवड करताना एक गोष्ट मी नेहमी सांगतो. जिने आपली कहाणी आधीच दहा वाहिन्यांना सांगितली आहे ती मुलगी शक्यतो घेऊ नका. तिच्याकडे कहाणीची घोटलेली आवृत्ती तयार असते आणि तुमच्यासमोर ती तेवढीच देईल. शिवाय तिला आणखी एकदा तेच सांगायला लावणं योग्यही नाही.

दुसरी पायरी: संमती, एकदाच नाही

इथे घाई केली तर पुढचं सगळं काम कच्च्या पायावर उभं राहतं.

आईवडिलांची सही घेणं आवश्यक आहे, पण ती मुलाची संमती नव्हे. दोघांशी वेगवेगळं बोला. मुलाशी बोलताना पालक खोलीत नकोत, मात्र मुलाच्या विश्वासातलं कुणीतरी असावं. संमतीपत्र मुलाला कळेल अशा भाषेत, एका पानाचं करा आणि त्यातले हक्क वेगवेगळे मोडून लिहा: चित्रीकरण करू द्यायचं का, महोत्सवात दाखवायचं का, दूरचित्रवाणीवर चालेल का, इंटरनेटवर कायमचं ठेवायचं का, चेहरा पोस्टरवर वापरायचा का. पुष्कळ मुलं पहिल्या तीन प्रश्नांना हो म्हणतात आणि चौथ्याशी थांबतात. थांबलेल्या मुलाला पटवायला जाऊ नका.

मग परत विचारा. चित्रीकरणाच्या मध्यावर विचारा, तो अठराचा झाल्यावर नवी सही घ्या, संकलन पक्कं होण्याआधी त्याचा भाग त्याला दाखवा आणि पुन्हा विचारा. कुठल्या तारखेपर्यंत माघार घेता येईल हे पहिल्याच दिवशी लिहून द्या. त्या तारखेनंतरही जिवाला धोका निर्माण झाला तर दृश्य काढलं जाईल, हेही त्यातच लिहा. निर्मात्याला हे कलम आवडणार नाही. त्याच्याशी वाद आधी घाला, नंतर नको.

पैशांचं काय? बोलण्याचे पैसे देऊ नका, कारण मग मूल तुम्हाला हवं तेच बोलू लागतं. पण ज्याचा वेळ जातो त्याचा खर्च भरून द्यायलाच हवा. प्रवास, जेवण, मोबाइलचा डेटा, वीज नसते तिथे पॉवर बँक. सगळ्या पात्रांना सारखंच द्या आणि काय दिलं त्याची नोंद ठेवा.

भारतात चित्रीकरण करत असाल तर कायदा नीट वाचा. बाल न्याय (मुलांची काळजी आणि संरक्षण) अधिनियम, २०१५मध्ये "काळजी आणि संरक्षणाची गरज असलेलं बालक" या व्याख्येत सशस्त्र संघर्षाने किंवा नागरी अशांततेने बाधित झालेलं मूलही येतं. अशा मुलाचं नाव, पत्ता, शाळा, छायाचित्र किंवा ओळख पटेल असा कुठलाही तपशील प्रसिद्ध करायला कलम ७४ने मनाई आहे. शिक्षा सहा महिन्यांपर्यंतचा तुरुंगवास किंवा दोन लाखांपर्यंतचा दंड किंवा दोन्ही. पालकांनी आनंदाने सही दिली म्हणून हे कलम गळून पडत नाही. मणिपूरमधल्या मदत छावणीतलं किंवा गडचिरोलीतलं मूल दाखवायचं ठरवलं की पहिली भेट वकिलाची घ्या आणि सल्ला लेखी घ्या. त्यातून चेहरा न दाखवता चित्रीकरण करायची वेळ आली तर ते सुरुवातीपासूनच ठरवून करा. हात, पाठ, सावली, वही, चप्पल, आवाज यांवर अख्खं दृश्य उभं राहतं. उलट, नंतर चेहऱ्यावर फासलेला धूसर पट्टा प्रेक्षकाला त्या मुलापासून तोडतो.

तिसरी पायरी: परवानगी, माणसं, सुरक्षितता

युक्रेनचं आकाश २४ फेब्रुवारी २०२२पासून नागरी विमानांसाठी बंद आहे. बहुतेक लोक पोलंडमधल्या प्शेमिशल स्थानकातून रेल्वेने आत जातात, म्हणजे भारतीय पासपोर्टधारकाला शेंगेन (युरोपातल्या अनेक देशांसाठीचा एकत्र व्हिसा) आणि युक्रेन असे दोन व्हिसा हवेत. कॅमेऱ्याच्या सुट्या बॅटऱ्या विमानात फक्त हातातल्या सामानात चालतात. १०० वॉट-तासांपर्यंतच्या बॅटऱ्यांना सहसा अडचण येत नाही, १०० ते १६० वॉट-तासांच्या जास्तीत जास्त दोन, त्याही विमान कंपनीच्या परवानगीने. त्याहून मोठ्या घरी ठेवा.

लष्कराचं अधिस्वीकृती पत्र, म्हणजे पत्रकार म्हणून काम करायचा परवाना, लागतं. पत्रकारांच्या कामासाठी हिरवा, पिवळा आणि लाल असे विभाग आहेत. पिवळ्यात लष्कराचा माणूस सोबत लागतो, लाल विभागात काम करता येत नाही. हल्ला झालेल्या जागेची दृश्यं लगेच प्रसिद्ध करता येत नाहीत: नागरी ठिकाण असेल तर तीन तास, लष्करी असेल तर बारा तास थांबावं लागतं. सैन्याच्या आणि शस्त्रांच्या हालचाली किंवा ठिकाणं उघड करणं हा मार्च २०२२पासून फौजदारी गुन्हा आहे. यातला धोका तुमच्यापेक्षा तुमच्या पात्राला जास्त आहे. एखाद्या मुलाने खिडकीतून काढलेल्या क्लिपमध्ये हवाई संरक्षण यंत्रणा कुठून मारा करते ते दिसत असेल, तर ती क्लिप वापरण्याआधी शंभरदा विचार करा.

स्थानिक सहनिर्माता किंवा फिक्सर (ओळखी, परवानग्या, गाडी यांची व्यवस्था लावणारा माणूस) घ्या आणि त्याला श्रेयनामावलीत मानाची जागा द्या. दुभाषा निवडताना वयाकडे पाहा. सोळा वर्षांची मुलगी पन्नाशीच्या गृहस्थांसमोर आपल्या प्रेमप्रकरणाबद्दल बोलणार नाही. खारकीव्हमध्ये बरीच घरं रशियन बोलत आली आहेत आणि तरुण पिढी जाणीवपूर्वक युक्रेनियनकडे वळते आहे. कुठल्या वाक्याला कोणती भाषा वापरली, याची नोंद प्रतिलेखनात, म्हणजे बोलणं जसंच्या तसं लिहून काढता त्यात, ठेवा. घरातला मोठा ताण तिथे सापडू शकतो.

युद्धक्षेत्रातलं प्रथमोपचार प्रशिक्षण घेतल्याशिवाय जाऊ नका. रक्त थांबवायचा पट्टा, म्हणजे टूर्निकेट, बांधता आला पाहिजे आणि तो बांधल्याची वेळ त्यावर लिहिता आली पाहिजे. तिथल्या शाळांमधली मुलंही हे शिकतात. जिनिव्हा करारांच्या १९७७च्या पहिल्या अतिरिक्त प्रोटोकॉलचं कलम ७९ पत्रकारांना नागरिक मानतं, पण कागदावरच्या संरक्षणावर विसंबून कुणी शिरस्त्राण घरी ठेवत नाही.

सायरन झाल्यावर काय करायचं? पात्र आश्रयाला निघालं की तुम्हीही निघा. एका शॉटसाठी त्याला वर थांबवणं हा गुन्हाच आहे, कायद्यात नसला तरी. खरा पेच वेगळा आहे. वर्षानुवर्षं सायरन ऐकून कंटाळलेली मुलं अनेकदा जागची हलत नाहीत. फार तर दोन भिंतींचा नियम पाळतात, म्हणजे बाहेरची एक भिंत आणि आतली एक भिंत यांच्यामागे, बहुधा घरातल्या बोळात किंवा न्हाणीघरात बसतात. ते चित्रित करा, तो त्यांच्या आयुष्याचाच भाग आहे. पण तुमच्या कॅमेऱ्यासमोर शूर दिसायचं म्हणून कुणी थांबलंय अशी पुसटशी शंका आली तरी कॅमेरा बंद करा आणि स्वतः खाली जा. मुलं मागोमाग येतात.

गडचिरोलीसारख्या भागात धोक्याची जात निराळी आहे. तिथे क्षेपणास्त्रापेक्षा संशयाने माणसं मेली आहेत. पोलिसांचा खबऱ्या असल्याच्या संशयावरून माओवाद्यांनी गावकऱ्यांना मारलं आणि माओवाद्यांना जेवू घातल्याच्या संशयावरून पोलिसांचा ससेमिराही मागे लागला. हिंसा कमी झाली तरी गावाची स्मरणशक्ती कमी होत नाही. म्हणून गावात पोलिसांच्या गाडीतून कधीही उतरू नका. एकाच घरी वारंवार मुक्काम करू नका. ग्रामसभेसमोर उघडपणे सांगा की तुम्ही कोण, काय करताय. माडिया बोलणारा दुभाषा त्याच गावचा नको, शेजारच्या टापूतला बरा. आणि आश्रमशाळेत चित्रीकरण करायचं असेल तर मुख्याध्यापकांच्या तोंडी होकारावर न थांबता आदिवासी विकास विभागाच्या प्रकल्प कार्यालयाची लेखी परवानगी घ्या.

चौथी पायरी: यंत्रसामग्री कमी, कान जास्त

दोन माणसं, एक छोटा कॅमेरा, एक-दोन लेन्स. एवढं पुरतं. युक्रेनमध्येही भारतासारखाच ५० हर्ट्‌झचा वीजपुरवठा आहे, त्यामुळे मेट्रोतल्या दिव्यांखाली शटर १/५० किंवा १/१०० ठेवा, नाहीतर पट्टे येतील. कॅमेऱ्याची उंची बसलेल्या मुलाच्या डोळ्यांइतकी.

आवाजावर मात्र मेहनत घ्या. वीज गेली की रस्त्यावर दुकानांपुढे जनरेटर सुरू होतात. मेट्रोत वर्ग चालू असताना भिंतीपलीकडून गाडीची घरघर येते. रोज सकाळी नऊ वाजता मृतांसाठी एक मिनिट स्तब्धता पाळली जाते, तेव्हा चौकातला आवाज बदलतो. फोनवरच्या ॲपमधून येणारा इशारा आणि रस्त्यावरचा भोंगा यांत काही क्षणांचं अंतर पडतं. हे सगळं वेगळं, लांबलचक मुद्रित करून ठेवा, प्रत्येक ठिकाणी निदान पाच मिनिटं. खोलीची निव्वळ शांतता तर नक्कीच. संकलनाच्या टेबलावर स्फोटाचे आवाज हवे तेवढे मिळतात. त्या घराची शांतता परत आणता येत नाही.

पाचवी पायरी: चित्रीकरणाचे दिवस

सुरुवातीचे काही दिवस कॅमेरा पिशवीतच राहू द्या. एक वही घ्या, पात्रासोबत बसा आणि कालचा अख्खा दिवस तासागणिक लिहून काढा. मग प्रत्येक तासापुढे एकच प्रश्न: युद्ध नसतं तर या वेळी काय केलं असतंस? उत्तरं साधी असतात. पोहायला गेलो असतो. मित्राच्या घरी झोपलो असतो. संचारबंदीमुळे रात्री बाहेर पडणं नाही, म्हणजे या वयातली अर्धी मौज बाद. वीजकपातीचं वेळापत्रक गटवार जाहीर होतं आणि मुलं त्यावर अभ्यास, अंघोळ, केस वाळवणं आणि ऑनलाइन गेम बसवतात. दृश्यांची यादी या वहीतूनच काढायची.

चित्रीकरण करताना कंटाळ्याला घाबरू नका. फोन चार्जिंगवरून भावंडांची भांडणं, केशकर्तन, पाठांतर, रुसवे, पहिलं प्रेम, गणितात नापास होण्याची भीती. युद्ध चालू असताना गणिताची भीती वाटणं हे त्या मुलाचं धैर्यच आहे असं मी मानतो, कारण पुढचं वर्ष येणार यावर त्याचा विश्वास आहे.

मुलाखत समोरासमोर खुर्च्या मांडून घेण्यापेक्षा हाताला काम असताना घ्या: बटाटे सोलताना, सायकल दुरुस्त करताना. "भीती वाटते का?" असं विचारू नका. "काल रात्री कुठे झोपलीस? उशाला काय होतं?" असं विचारा. "आता कसं वाटतंय" याला उत्तर देताना मुलं घुटमळतात, "मग तू काय केलंस" याला घुटमळत नाहीत. रडू आलं तर कॅमेरा खाली घ्या, पाणी द्या, थांबा. पुन्हा सुरू करायचं की नाही हे ते मूल ठरवेल. तेच वाक्य पुन्हा म्हणायला लावायचं नाही, आवाज खराब आला असला तरीही. मुलांसाठीच्या स्थानिक मानसोपचारतज्ज्ञाचा संपर्क पहिल्या दिवसापासून तयार ठेवा.

मुलांकडे स्वतःची दृश्यं असतात आणि ती बहुधा तुमच्यापेक्षा चांगली असतात. ती मागताना मूळ फाइल मागा, कारण व्हॉट्सॲपवरून आलेली दाबलेली प्रत पडद्यावर फाटते. वापर करणार असाल तर त्याचं मानधन आणि छायाचित्रणाचं श्रेय द्या. इथे एक विषय आपल्या दाराशी पडलेला आहे. फेब्रुवारी-मार्च २०२२मध्ये खारकीव्हसह युक्रेनच्या शहरांत शिकणारे भारतीय वैद्यकीय विद्यार्थी तळघरांत अडकले होते आणि भारत सरकारच्या 'ऑपरेशन गंगा' मोहिमेतून परत आणले गेले. त्यांत महाराष्ट्रातलेही पुष्कळ होते. त्या दिवसांच्या क्लिप आजही मराठी घरांतल्या फोनमध्ये पडून आहेत. परत आल्यावर त्यांच्या अर्धवट शिक्षणाचं काय झालं, यावर मराठीत नीट माहितीपट व्हायला हवा, आणि त्यासाठी व्हिसा लागणार नाही.

सहावी पायरी: फुटेज सांभाळणं

त्याच रात्री तीन प्रती, दोन वेगळ्या डिस्कवर आणि एक दुसऱ्या ठिकाणी. डिस्क कूटबद्ध करा, म्हणजे पासवर्डशिवाय ती कुणाला उघडता येणार नाही. फाइलच्या नावात पात्राचं खरं नाव घालू नका, सांकेतिक नाव द्या आणि त्याची किल्ली वेगळ्या जागी ठेवा. तपासणी नाक्यावर तुमचा फोन पाहिला जाऊ शकतो, म्हणून त्यात पात्रांशी झालेलं संभाषण नको.

सातवी पायरी: संकलन

पहिलं दृश्य स्फोटाचं ठेवू नका. प्रेक्षक बातम्यांतून तेच पाहून आलेला असतो आणि त्याची नजर लगेच सरावते. पात्राच्या दिवसाने सुरुवात करा. आधी त्या मुलीची परीक्षा प्रेक्षकाची होऊ दे, मग सायरन वाजू दे.

निवेदन किती हवं? कातेरीना होर्नोस्ताय यांचा 'टाइमस्टॅम्प' हा युक्रेनमधल्या शाळांवरचा माहितीपट २०२५मध्ये बर्लिन महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत होता. त्यात निवेदन नाही आणि मुलाखतीही नाहीत, शाळाच स्वतःला दाखवत राहते. मराठी प्रेक्षकासाठी थोडा संदर्भ लागेल, तो दोन-तीन पाट्यांमध्ये द्या आणि थांबा. दुःखाच्या दृश्याखाली व्हायोलिन घालण्याचा मोह आवरा. उपशीर्षकं मूळ भाषेतून थेट मराठीत करून घ्या. मधे इंग्रजी आलं की सगळी मुलं एकाच सुरात बोलू लागतात.

मग एक दिवस फक्त सुरक्षेच्या नजरेने फ्रेम तपासा. खिडकीतून दिसणारा टॉवर, शाळेचं बोधचिन्ह, गाडीचा क्रमांक, भिंतीवरचं प्रमाणपत्र. चेहरा झाकूनही एवढ्यावरून घर शोधून काढणारे लोक आहेत. संकलक महिनोन्महिने हीच दृश्यं पाहत असतो, त्याच्यासाठीही सुट्ट्या आखा.

आठवी पायरी: दाखवणं आणि त्यानंतर

पहिला खेळ पात्रांसाठी, त्यांच्या गावात किंवा ते जिथे असतील तिथे. महोत्सवाला बोलावलं तर मुलाला मंचावर प्रश्नोत्तरांना उभं करण्याआधी त्याला हवं आहे का ते विचारा. कुठले प्रश्न घ्यायचे नाहीत हे सूत्रधाराला आधीच लिहून द्या.

वितरकाशी करार करताना दोन कलमं घाला. एक: पात्राच्या जिवाला धोका असल्याचं दिग्दर्शकाने लेखी कळवल्यास ठरलेल्या तासांत चित्रपट त्या देशात किंवा सगळीकडे इंटरनेटवरून उतरवला जाईल. दोन: हक्कांचं नूतनीकरण करण्याआधी दरवेळी पात्रांशी संपर्क करून त्यांची परिस्थिती बदलली आहे का ते पाहिलं जाईल. ताब्यात गेलेल्या गावात राहणारा नातेवाईक, बदललेली नोकरी, सैन्यात दाखल झालेला भाऊ, यांपैकी कशानेही जुनं दृश्य धोक्याचं होऊ शकतं. या संपर्काचा खर्च अंदाजपत्रकात वेगळ्या ओळीवर दाखवा, निदान पाच वर्षांचा.